घर-अंगण : कोपऱ्यातला फणीपाया कोळी



दसरा-दिवाळीची झाडलोट जवळ आली की आमच्या टपालात एक प्रश्न हमखास येतो. ‘जळमटं काढली तरी चार दिवसांत पुन्हा लागतात, काय करावं?’ एरवी दोन ओळींत उत्तर देऊन मी पुढच्या पत्राकडे वळते. या खेपेला मात्र एका पत्रानं थांबवलं. पत्र पाठवणाऱ्या भगिनींचं नाव-गाव देत नाही. त्यांची लेक बाळंतपणासाठी माहेरी आली आहे, सातवा महिना चालू आहे. तिच्यासाठी मागची खोली रिकामी करायला घेतली, तर कपाटामागे, पलंगाखाली तांबूस पायांचे आणि वाटोळ्या पोटाचे बारीक बारीक कोळी निघाले. त्याच आठवड्यात घरातल्या आजींच्या कमरेवर, एकाच बाजूला, पुरळासारखे फोड उठले. आग आग होते म्हणतात. शेजारच्या काकूंनी पाहिलं आणि निकाल दिला, ‘कोळी मुतला!’ आता त्या विचारतात, लेकीच्या खोलीत औषध फवारून घेऊ का, आणि कोणतं घेऊ?

पत्रात फोन नंबर होता, म्हणून छापील उत्तराची वाट न पाहता मी फोनच केला. फवारणी राहू द्या, आजींना आजच्या आज डॉक्टरांना दाखवा, आणि डॉक्टर काय म्हणतात ते कळेपर्यंत लेकीला आजींच्या अंथरुणापासून लांब ठेवा, एवढंच सांगितलं. असं का, ते पुढे येईलच. पण ज्याच्यावर हा आळ आला त्या कोळ्याची आधी नीट ओळख करून घेऊ या. आपल्याच घरात राहतो बिचारा, आणि आपल्याला त्याचं नावसुद्धा ठाऊक नसतं.

घरात कोळी दिसला की आपण सरसकट ‘कोळी’ म्हणतो आणि झाडू उचलतो. पण आपल्या घरांत निदान चार तऱ्हेचे कोळी नांदतात आणि चौघांच्या चाली अगदी वेगळ्या. छताच्या कोपऱ्यात लांबच लांब, केसासारखे पाय आणि इवलंसं अंग घेऊन जो लोंबकळत असतो, फुंकर घातली की जागच्या जागी गदगदा हलायला लागतो, तो लंबूटांग्या. आपल्याकडे सगळ्यात जास्त हाच दिसतो. रात्री स्वयंपाकघरात दिवा लावल्याबरोबर भिंतीवरून सरकन पळणारा, तळहाताएवढ्या पसाऱ्याचा, चपटा आणि खेकड्यासारखे पाय पसरलेला असतो तो शिकारी कोळी. तो शिकारीसाठी जाळं विणतच नाही, झुरळांच्या मागे धावतो. त्याच्या मादीच्या पोटाखाली कधी कधी पांढरी चपटी टिकली दिसते, ती अंड्यांची पिशवी. ती घेऊनच ती हिंडते. तिसरा खिडकीच्या चौकटीवर दिवसाउजेडी टुणटुण उड्या मारणारा, मान वळवून तुमच्याकडे टक लावून पाहणारा छोटा कोळी. मुलांना हा फार आवडतो. आणि चौथा आजचा आपला पाहुणा.

तो कपाटामागे, मोरीच्या खिडकीत, गॅसच्या सिलिंडरमागे, जिन्याखालच्या अडगळीत, शिवणयंत्राच्या पायट्याशी राहतो. जागा अंधारी, कोणी फारसं हात घालत नाही अशी. त्याचं जाळं पाहिलं तर त्यात ना आकार ना उकार. बागेतल्या कोळ्याच्या जाळ्यात चाकाचे आरे असावेत तशी रचना असते. याच्या जाळ्यात नुसता गुंता. मांजरानं लोकरीचा गुंडा सोडावा तसा. त्या गुंत्यात मधोमध हे महाशय उलटे टांगलेले असतात, पाठ जमिनीकडे आणि पाय वर. पोट मिऱ्याच्या दाण्यासारखं टपोरं, गोल. पुढचे पाय लांब, डोकं-छाती त्या मानानं बारीक. मोठ्यात मोठी मादी अर्ध्या सेंटिमीटरच्या आसपास, नर त्याहून लहान आणि सडपातळ. या खुणा जुळल्या की समजावं, हा फणीपाया.

फणीपाया हे नाव मी मराठीत केलं आहे. इंग्रजीत या कुळाला ‘कोम-फूटेड स्पायडर’ म्हणतात, म्हणजे पायाला फणी असलेले. शास्त्रातलं कुळाचं नाव थेरिडिइडी. जगभरात या कुळात अडीच हजारांहून जास्त जाती आहेत, म्हणजे गोतावळा केवढा पाहा. ही फणी असते मागच्या, चौथ्या जोडीच्या पायांवर, अगदी टोकाजवळ. बारीक दातेरी केसांची एक ओळ. नुसत्या डोळ्यांना ती दिसणार नाही, चांगलं भिंग लागेल. म्हणून ओळखताना फणी शोधत बसू नका; गोल पोट, उलटं टांगणं आणि बिनआकाराचं जाळं एवढ्यावर काम भागतं.

आता ही फणी कशाला? केस विंचरायला नक्कीच नाही! पण काम बरंचसं तसंच आहे.

एखाद्या दिवशी दुपारची कामं आटोपली की पाच-दहा मिनिटं काढा. मोबाइलचा दिवा तिरपा धरून कपाटाखालच्या जाळ्याकडे पाहा. वरचा गुंता सोडा, त्याच्यातून जमिनीकडे सरळ खाली उतरलेले काही ताणलेले धागे दिसतील. सतारीच्या तारेसारखे ताठ. या प्रत्येक धाग्याच्या तळाशी, फरशीला लागतो तिथे, चिकट थेंब लावलेले असतात. वरचा भाग कोरडा, फक्त पायथा चिकट. आणि पायथ्याचा फरशीशी जोड मुद्दाम कच्चा ठेवलेला. आता एखादी मुंगी आपल्या नादात चालत येते आणि त्या थेंबाला चिकटते. सुटण्यासाठी हिसका देते. त्या हिसक्यासरशी धागा फरशीपासून सुटतो, ताण मोकळा होतो आणि मुंगी अलगद हवेत उचलली जाते. विहिरीतून पोहरा वर यावा तशी. पाय टेकायला जमीन नाही, धरायला आधार नाही. जितकी धडपड करावी तितका वरचा कोळी जागा होतो.

या कोळ्याची नजर अधू असते. आठ डोळे असूनही त्याला फारसं दिसत नाही. त्याचं सगळं जग धाग्याच्या थरथरीवर चालतं. थर कुठून आला, किती जोराचा आहे, यावरून तो पाहुण्याचा अंदाज घेतो. मग खाली उतरतो, पण लगेच तोंड घालत नाही. इथे त्याची खरी हुशारी आहे. तो शिकारीकडे पाठ करतो. पोटाच्या टोकातून चिकट रेशीम निघतं, सोऱ्यातून शेव पडावी तसं. मागच्या पायांच्या फण्यांनी ते ओढून ओढून तो शिकारीवर फेकतो. एक पाय, दुसरा पाय, भराभर. क्षणात ती मुंगी रेशमात गुरफटून जाते. चावा सगळ्यात शेवटी, तोही सुरक्षित अंतरावरून, पायाला वगैरे. म्हणूनच मिऱ्याएवढा प्राणी आपल्यापेक्षा कितीतरी मोठं झुरळाचं पिल्लू किंवा लढाऊ मुंगळा सहज आटपतो. अंगात बळ कमी असलं तरी हाताशी साधन असेल आणि अंतर राखता येत असेल तर काम होतं, हे आपल्याला स्वयंपाकघरात कळलेलंच असतं. सांडशी कशासाठी शोधली?

खाण्याची रीतही वेगळी. या कुळातले कोळी शिकार चावून चावून तिचा चोथा करत नाहीत. बारीकसं भोक पाडून आत पाचक रस सोडायचा आणि आतलं सारं पातळ झालं की शोषून घ्यायचं. बाहेरचं टरफल जसंच्या तसं राहतं. ते मग जाळ्यातून खाली टाकून देतो. आणि इथेच तुमच्या-माझ्या उपयोगाची गोष्ट आहे.

जाळं झाडण्याआधी त्याच्या खालची फरशी पाहा. तिथे पडलेली टरफलं म्हणजे तुमच्या घराची हजेरीपुस्तिका. नुसत्या मुंग्या असतील तर जवळपास कुठे तरी त्यांची रांग आहे आणि साखरेचा किंवा गुळाचा डबा घट्ट बसत नाही. झुरळांची पिल्लं असतील तर मोरीची जाळी किंवा सिंकखालचा पाइप तपासा. पिल्लं आहेत म्हणजे मोठी झुरळं आहेतच. डास आणि पाकोळ्या असतील तर त्या खिडकीला जाळी नाही किंवा जवळचा दिवा रात्रभर जळतो. कोळी हवेवर जगत नाही. जिथे त्याला पोटभर मिळतं तिथेच तो मुक्काम करतो. या कुळातला जो कोळी युरोप-अमेरिकेतल्या घरांत सर्रास आढळतो, त्याचा अभ्यास करणाऱ्यांना असं दिसलं की जाळ्यात काही सापडलं नाही तर तो ते सोडून देतो आणि दुसरीकडे नवं विणतो. तिथेही नाही जमलं तर तिसरीकडे. सोडलेल्या जाळ्यांवर मग धूळ बसते, ती जड होऊन लोंबायला लागतात, त्यांना आपण जळमटं म्हणतो. म्हणजे घरभर दिसणारी जळमटं ही बहुधा रिकामी बिऱ्हाडं असतात! ‘चार दिवसांत पुन्हा लागतात’ याचं उत्तर यातच आलं. जाळं काढून उपयोग अर्धाच. ज्या कोपऱ्यात ते पुन्हा पुन्हा लागतं तिथला किडा बंद करा, कोळी आपणच दुसरं घर बघेल.

पत्रातले तांबड्या पायांचे कोळी ते हेच. उष्ण प्रदेशातल्या घरांत सगळीकडे आढळणारी ही जात आहे. पाय तांबूस-नारिंगी, पोट गडद चॉकलेटी, कधी जांभळट झाक. १८४६ साली ल्यूकास नावाच्या फ्रेंच शास्त्रज्ञानं तिचं वर्णन केलं आणि नाव दिलं रुफिपिस, म्हणजे सरळ ‘तांबड्या पायाचा’. मघा म्हटलं तो परदेशातला घरगुती कोळी मातकट-तपकिरी, अंगावर ठिपके-रेघा असलेला. त्याचं नाव टेपिडारिओरम, म्हणजे ‘ऊबदार खोल्यांतला’. थंड मुलखात तो पूर्वी रोपांच्या काचघरात दिसायचा म्हणून १८४१ साली कॉख या जर्मन शास्त्रज्ञानं असं नाव ठेवलं. गर्भ कसा वाढतो हे समजून घेण्यासाठी जगभरच्या प्रयोगशाळांत तो आज पाळला जातो, आणि २०१७ साली त्याचा संपूर्ण जनुकसंच प्रसिद्ध झाला. आपण झाडूनं उडवतो त्याची कुठे काय किंमत असते, बघा!

संसाराच्या बाबतीतही हे कोळी वाटतात तितके वाईट नाहीत. कोळ्याची मादी नवऱ्याला खाते, असं आपण ऐकलेलं असतं. या घरगुती जातीत नर-मादी एकाच जाळ्यात दिवसच्या दिवस सुखानं राहताना दिसतात. मादी रेशमाची पिशवी विणून त्यात अंडी घालते. टेपिडारिओरमची पिशवी तपकिरी, कागदासारखी, थेंबाच्या आकाराची असते, आणि एकेका पिशवीत शेकडो अंडी. ती जाळ्यातच टांगलेली, आई शेजारी पहाऱ्याला. पिल्लं बाहेर आली की थोडे दिवस आईच्याच जाळ्यात राहतात आणि मग रेशमाचा धागा हवेत सोडून वाऱ्यावर निघून जातात. याच कुळातली युरोपातली एक जात तर पिल्लांना तोंडातून अन्न भरवते. आई स्वतः पचवलेला रस थेंबाथेंबानं तोंडाशी आणते आणि पिल्लं भोवती गर्दी करून तो पितात, पुढे आईनं मारलेल्या शिकारीवर पंक्तीला बसतात. कोळ्यासारख्या किड्यात हे असावं! (किडा म्हटलं खरं, पण कोळी हा कीटक नव्हे. कीटकाला सहा पाय, याला आठ. मुलांच्या परीक्षेत हा प्रश्न येतो, म्हणून सांगून ठेवते.)

बागेत किंवा सह्याद्रीच्या रानात पावसाळ्याच्या शेवटी मोठ्या कोळ्याचं चाकासारखं जाळं दिसलं, तर त्याच्या कडेकडेनं पाहा. चांदीच्या थेंबासारखे इवले कोळी दिसले तर तेही याच कुळातले. स्वतः फारसे कष्ट न करता मोठ्याच्या जाळ्यात अडकलेलं बारीकसारीक चोरून खातात. कुळ म्हटलं की असे एक-दोन निघायचेच.

आता ज्याची भीती वाटायला हवी त्याच्याबद्दल. याच कुळात ‘ब्लॅक विडो’ आणि तिचे भाईबंद येतात. विधवा कोळी! हे नाव ठेवणारा कोणी पुरुषच असणार. मिलनानंतर नराला खाण्याची गोष्ट यांच्यापैकी काही जातींत घडते, पण दर वेळी नव्हे. ते असो. यांचे काही प्रकार आपल्या देशातही आहेत, मात्र ते घराच्या आतल्या कपाटात फारसे राहत नाहीत. शेतातले दगड-ढेकळं, कुंपण, रचून ठेवलेल्या विटा, उलट्या घातलेल्या कुंड्या, अंगणातल्या खुर्च्यांची खालची बाजू, या त्यांच्या जागा. ओळखायचं असं: पोट तसंच गोल आणि टपोरं, पण अंग मोठं, तुकतुकीत काळं किंवा तपकिरी. आणि पोटाच्या खालच्या बाजूला वाळूच्या घड्याळासारखी, म्हणजे डमरूच्या आकाराची, लाल किंवा नारिंगी खूण. कोळी उलटाच टांगलेला असल्यामुळे ही खूण वरून बघणाऱ्याला चटकन दिसते. तपकिरी जातीच्या पायांवर पट्टे असतात आणि तिची अंड्यांची पिशवी काटेरी असते, अगदी सराट्याच्या फळासारखी. असा सराटा कुंडीखाली रेशमात टांगलेला दिसला तर हात घालू नका.

लाल पाय आणि लाल डमरू यांत मात्र गल्लत करू नका. घरातल्या त्या कोळ्याचे पाय तांबडे असतात, पोटाखाली डमरू नसतो. तो बुजरा असतो. जाळ्याला धक्का लागला की बहुधा धाग्यावरून खाली पडतो आणि पाय आखडून मेल्याचं सोंग घेतो. कपड्यात वगैरे चिरडला जाऊन चावलाच तर जरा वेळ दुखतं, लालसर होतं. साबणपाण्यानं धुवा, थंड पट्टी ठेवा. डमरूवाला चावला तर गोष्ट वेगळी. त्याचं विष नसांवर काम करतं. तासाभरात पोटात, पाठीत, मांड्यांत गोळे येतात, घाम सुटतो, जीव घाबरा होतो. माणूस दगावणं फार क्वचित, पण लहान मूल, म्हातारं माणूस किंवा गरोदर बाई असेल तर वाट बघू नये. जागा धुवायची, फडक्यात बर्फ गुंडाळून ठेवायचा आणि सरळ दवाखाना. चिरा देणं, तोंडानं ओढणं, करकचून बांधणं, यातलं काहीही करायचं नाही. कोळ्याचा लांबून फोटो काढता आला तर काढा, डॉक्टरांना मदत होते.

आता आजींचे फोड.

कोळी मुतल्यानं अंगावर फोड उठत नाहीत. त्याच्या विष्ठेत कातडी भाजेल असं काही नसतं. जाळ्याखाली फरशीवर जे काळे-पांढरे ठिपके पडतात ते ओल्या फडक्यानं पुसले की झालं. मग ‘कोळी मुतला’ म्हणतात ते काय असतं? बहुतेक वेळा दोन गोष्टींपैकी एक.

पहिली, पावसाळ्यातला एक किडा. नारिंगी आणि काळे पट्टे असलेला, लांबट, मोठ्या मुंगीसारखा दिसणारा. पाठीवर निळसर चकाकी असलेले आखूड पंख. रात्री ट्यूबलाइटपाशी येतो आणि तिथून अंथरुणात. चावत नाही, डंखही मारत नाही. पण आपण झोपेत चापट मारून त्याला मानेवर, दंडावर चिरडतो आणि त्याच्या अंगातला रस कातडीला लागतो. लगेच काहीच कळत नाही. दिवसा-दोन दिवसांनी त्या रेघेवर लाल होतं, आग होते, फोड येतात. कोपराच्या वळकटीत लागला तर दोन्ही बाजूंना जुळे छाप उठतात, आरशात बघावं तसे. इकडे किडा केव्हाच गेलेला आणि वर छताला बिचारा कोळी बसलेला. आळ कोणावर येणार? हा किडा अंगावर दिसला तर मारू नका, फुंकर घाला किंवा कागदानं उडवा. चिरडला गेलाच तर ती जागा लगेच साबणानं धुवा, तो हात डोळ्याला लावू नका, आणि चादर बदला.

दुसरी गोष्ट नागीण. आणि ती जास्त महत्त्वाची. अंगाच्या एकाच बाजूला, कमरेवर, छातीवर, कधी कपाळावर, पट्ट्यासारखे फोडांचे पुंजके येतात. बहुतेक वेळा फोड यायच्या आधीच दोन-तीन दिवस तिथे ठणका किंवा आग सुरू होते. लहानपणी कांजिण्या येऊन गेल्या की त्याचे विषाणू शरीरातल्या नसांच्या मुळाशी दडून राहतात, आणि वय झालं, अशक्तपणा आला की नसेच्या वाटेनं पुन्हा वर येतात. कोळ्याचा काही संबंध नाही आणि सापाचाही नाही. नागिणीचं तोंड आणि शेपटी जुळली की माणूस जातो, हेही खोटं. काव, तांदळाचं पीठ, पानांचा लेप, यात दिवस घालवू नका. फोड आल्यापासून पहिल्या तीन दिवसांत, म्हणजे ७२ तासांच्या आत, विषाणूवरच्या गोळ्या सुरू झाल्या तर त्यांचा गुण चांगला येतो. उशीर झाला तर फोड सुकून जातात, पण तिथला ठणका महिनोन् महिने राहू शकतो, आणि म्हाताऱ्या माणसांत हे प्रमाण जास्त असतं. कपाळावर किंवा डोळ्याजवळ फोड असतील तर त्याच दिवशी डोळ्यांच्या डॉक्टरांकडेही जायलाच हवं.

आता लेकीला लांब ठेवा असं का म्हटलं, ते लक्षात आलं असेल. नागिणीच्या फोडांतल्या पाण्यातून, ज्याला कांजिण्या कधी आल्याच नाहीत आणि लसही घेतलेली नाही अशा माणसाला, कांजिण्या होऊ शकतात. गरोदरपणात त्या आईला आणि बाळाला दोघांनाही जड जातात. लेकीला लहानपणी कांजिण्या येऊन गेल्या असतील तर काळजीचं कारण सहसा नसतं. पण ‘बहुतेक आल्या होत्या’ एवढ्यावर थांबू नये; डॉक्टरांना विचारावं, रक्ताची तपासणी करून कळतं. आणि संपर्क आधीच झाला असेल तर तेही त्यांना लगेच सांगावं. फोडांवर खपल्या धरेपर्यंत आजींचे फोड झाकलेले ठेवायचे, टॉवेल, चादर वेगळी, आणि लेकीनं त्यांना तेल-मालिश करायची नाही. पन्नाशीनंतर नागिणीची लसही आता आपल्याकडे मिळते, किंमत बरीच आहे, पण आपल्या डॉक्टरांशी बोलून पाहायला हरकत नाही.

तर खोलीत औषध फवारावं का? मी म्हणेन, नको. एक तर कोळी भिंतीवरून चालत नाही, तो आपल्या धाग्यांवर हवेत टांगलेला असतो. भिंतीला मारलेलं औषध त्याला लागतच नाही. दुसरं, गरोदर बाई आणि उद्याचं तान्हं बाळ ज्या खोलीत चोवीस तास असणार, तिथे गरज नसताना कीटकनाशकाचा वास कशाला? त्यापेक्षा लांब काठीला मऊ झाडू बांधा, त्यावर जुनं धोतर किंवा बनियन किंचित ओलं करून गुंडाळा. कोरड्या झाडूनं जळमटाची धूळ नाकातोंडात जाते, ओल्या फडक्याला ती चिकटून येते. भिंत चुन्याची असेल तर फडकं जेमतेम दमट ठेवा, नाही तर काळे फराटे उठतात आणि ते रंग दिल्याशिवाय जात नाहीत. वरून खाली या, आधी छत, मग कोपरे, शेवटी पलंगाची खालची बाजू, आणि काम चालू असताना लेकीला दुसऱ्या खोलीत बसवा.

कोळी दिसला तर त्याच्यावर एक पेला उपडा घाला, खालून जुनी लग्नपत्रिका सरकवा (आपल्या घरी त्यांची काय कमी!) आणि जिन्याखाली किंवा पडवीत सोडून या. अंड्यांची पिशवी दिसली तर तीही तशीच उचला. मग कपाट भिंतीपासून वीतभर पुढे ओढा म्हणजे झाडू मागे जाईल, वर्तमानपत्रांची चळत हलवा, मोरीच्या भोकाला जाळी बसवा, खिडकीबाहेरचा दिवा रात्री बंद ठेवा. आठवड्यातून एकदा एवढं झालं की पुरे. जुने बूट, पावसाळी छत्र्या आणि बाळाचे वर्षभर बांधून ठेवलेले कपडे वापरण्याआधी झटकून घ्यायचे, ही सवय मात्र लावून घ्या.

आणि हो, बोट कापल्यावर कोळ्याचं जाळं लावून रक्त थांबवायची जी जुनी रीत आहे, ती आता सोडून द्या. रक्त थांबेल न थांबेल, त्या जळमटावरची धूळ जखमेत जाते आणि धनुर्वाताला आमंत्रण मिळतं. स्वच्छ फडकं दाबून धरलं की तेवढंच काम होतं.

पुढच्या अंकात दिवाळीच्या फराळाचे डबे : बेसनाचे लाडू पंधरा दिवसांतच खवट का होतात, आणि चकल्या मऊ पडल्या तर काय करावं, याबद्दल बोलू. तुमचे प्रश्न पोस्टकार्डावर पाठवलेत तरी चालतील, फक्त अक्षर जरा मोठं काढा.